मेस्त्री, पेंटर आणि सायकल

एम.ए.च्या वर्गात 'साहित्य आणि महानगर' या विषयावर बोलताना दरवर्षी एक गोष्ट खटकते. महानगर म्हटले की आपल्यासमोर मुंबईच उभी राहते. मर्ढेकर, भाऊ पाध्ये, ढसाळांचा 'गोलपिठा' (१९७२) आणि अर्थातच अरुण कोलटकर. यांपैकी कोलटकर जन्माने कोल्हापूरचे, इथल्या राजाराम हायस्कुलात शिकलेले. मुंबईच्या काळा घोडा परिसरातला रस्ता त्यांनी २००४ साली प्रसिद्ध झालेल्या इंग्रजी संग्रहात आणला आणि तो आम्ही कोल्हापुरात बसून मन लावून वाचतो. वर्गाच्या खिडकीखालून जाणारा रस्ता मात्र आमच्या लेखी वाचण्याजोगी संहिता ठरत नाही.

याला परंपरेचाही आधार आहे. रणजित देसाई, शिवाजी सावंत, शंकर पाटील, आनंद यादव ही सारी मंडळी याच जिल्ह्यातली. त्यांनी मराठीला खेडे दिले, इतिहास दिला, महाभारत दिले. या जिल्ह्याचे शहर मात्र त्यांच्या लेखनात फार क्वचित आले. कोर्टकचेरीला, बाजाराला किंवा शिकायला येण्याचे ठिकाण एवढेच त्याचे काम. त्यामुळे कोल्हापूर आधुनिक कधी झाले, ती आधुनिकता दिसते कशी, हे प्रश्न आपल्या समीक्षेने विचारलेच नाहीत. ते पर्यटन खात्याच्या पुस्तिकेवर सोडून दिले आणि ती पुस्तिका अंबाबाईचे मंदिर, रंकाळा, नवा राजवाडा आणि तांबडा-पांढरा रस्सा यांपलीकडे जात नाही.

गेली दोन वर्षे रविवारी सकाळी मी सायकलवरून शहर पाहत हिंडतो. (आमच्याकडे 'बाईक' म्हटले की मोटारसायकल, म्हणून साधा शब्द सायकल.) वाल्टर बेन्यामिनने पॅरिसच्या भटक्याबद्दल जे लिहिले ते आपण शिकवतो, पण तो भटक्या पायी चालणारा आणि त्याच्या पायाखाली पदपथ होता. आमच्या पदपथांवर दुचाक्या लावलेल्या असतात. मोटारीतून भिंत दिसत नाही आणि पायी चालताना एका सकाळी दोन पेठांपलीकडे जाणे होत नाही. सायकलीला पार्किंग शोधावे लागत नाही. एखादी गॅलरी आवडली की पाय टेकवायचा आणि मान वर करायची, इतकेच.

विद्यापीठाच्या बाजूने राजारामपुरीकडे उतरताना शहराचे दोन काळ उघड होतात. जुन्या कोल्हापुराच्या पेठांना वारांची नावे: मंगळवार, बुधवार, शुक्रवार, शनिवार. राजारामपुरीच्या गल्ल्यांना मात्र क्रमांक आहेत. पहिली गल्ली, सातवी गल्ली. आठवड्यातून अंकांत झालेले हे स्थलांतर मला एखाद्या साहित्यिक कालखंडाच्या बदलाइतकेच महत्त्वाचे वाटते. इथे, टाकाळ्याला, साईक्स एक्स्टेंशनमध्ये, ताराबाई पार्कात अजूनही काही जुनी सिमेंटची घरे उभी आहेत. गोलाकार कोपऱ्याची गॅलरी, तिच्यावरून धावणाऱ्या तीन आडव्या रेषा, जिन्याच्या मनोऱ्याला उभ्या काचेची पट्टी, खिडकीच्या ग्रिलमध्ये उगवता सूर्य, खाली काळ्या दगडाचे जोते. मुंबईच्या मरीन ड्राइव्हवर याच शैलीला आपण 'आर्ट डेको' म्हणतो. तिथल्या व्हिक्टोरियन गॉथिक आणि आर्ट डेको इमारतींच्या समूहाला २०१८ साली युनेस्कोने जागतिक वारशात स्थान दिले. कोल्हापुरात या शैलीला नाव नाही. विचारले तर 'जुन्या पद्धतीचं बांधकाम' असे उत्तर मिळते. एके काळी त्याहून नव्या पद्धतीचे काही नव्हते, ही गंमत.

यांतल्या अनेक घरांच्या कपाळावर गिलाव्यातच उठावाची अक्षरे आहेत. 'मातृछाया', 'श्रमसाफल्य', 'कृपा' आणि खाली साल. मला तर हे शहराचे सर्वांत छोटे साहित्य वाटते. भाड्याच्या खोलीतून किंवा पेठेतल्या वाड्यातून बाहेर पडलेला कारकून, शिक्षक, वकील स्वतःच्या आयुष्याला एका शब्दाचे शीर्षक देतो आणि तारीख टाकतो. अक्षरांचे वळण प्रत्येक ठिकाणी निराळे, कारण ते गवंड्याच्या हाताचे. कागदावरचा नकाशा कोणी काढला असेल तो असो. ती गोलाई, ती रेषा, ती अक्षरे प्रत्यक्षात आणली ती मेस्त्रीने. त्याचे नाव मात्र घरावर कुठेही नसते.

याच्या अगदी उलट स्थिती संस्थानी इमारतींची. टाऊन हॉल (१८७२ ते १८७६) आणि नवा राजवाडा (१८७७ ते १८८४) कोणी आखला हे पाठ्यपुस्तकातल्या मुलालाही सांगता येते: मेजर चार्ल्स मँट. राजवाडा पुरा होण्याआधीच, १८८१ साली, तो वारला. त्या इमारती सुंदर आहेत, याबद्दल वाद नाही. पण इंग्रज लष्करी अभियंत्याने आखलेली वास्तू म्हणजे वारसा आणि आपल्याच गावच्या मेस्त्रीने आपल्याच आजोबांसाठी बांधलेले घर म्हणजे पाडायची मालमत्ता, ही विभागणी आपण कोणत्या बुद्धीने स्वीकारली? देशीवादावर चर्चासत्रे भरवणाऱ्या आम्हा मराठीच्या प्राध्यापकांना हा प्रश्न सर्वांत आधी पडायला हवा होता.

आणि 'मेस्त्री' हा शब्द कोल्हापुरात नुसता धंद्याचा नाही. बाबूराव पेंटर (१८९० ते १९५४) यांचे मूळ आडनाव मेस्त्री. सुतारकाम, कोरीवकाम करणाऱ्या घरातला हा मुलगा चुलत भाऊ आनंदराव यांच्याबरोबर नाटक कंपन्यांचे पडदे रंगवू लागला आणि गावाने त्याला 'पेंटर' हे आडनाव देऊन टाकले. पुढे त्यांनी महाराष्ट्र फिल्म कंपनी काढली, कॅमेरा स्वतः जुळवला, 'सैरंध्री' (१९२०) केला. 'कल्याण खजिना'चे (१९२४) पोस्टर भारतीय चित्रपटांच्या आज उरलेल्या सर्वांत जुन्या पोस्टरांत गणले जाते. दामले, फत्तेलाल, शांताराम त्यांच्याच हाताखाली तयार झाले आणि १९२९ साली याच गावात 'प्रभात' सुरू झाली. चित्रपटाच्या इतिहासात हे सगळे येते. त्यात न येणारी बाब अशी की या माणसाने रस्त्यावर रंग आणला. पोस्टर म्हणजे येणाऱ्या-जाणाऱ्याने फुकट पाहायचे चित्र. पुढे १९४५ साली, जिथे गव्हर्नर विल्सनचा पुतळा होता त्या चौकात शिवाजी महाराजांचा अर्धपुतळा बसला, तोही बाबूरावांचाच. कावळा नाक्यावरचा ताराराणींचा अश्वारूढ पुतळा रवींद्र मेस्त्रींचा. या शहराची आधुनिक दृश्यकला दालनात वाढण्याआधी चौकात वाढली. तिला 'स्ट्रीट आर्ट' म्हणायला आपण युरोपातल्या कुणा टोपणनावाच्या चित्रकाराची वाट पाहिली, एवढेच.

व्हीनस कॉर्नरला सायकल थांबवली की हे सारे कसे विरले ते कळते. टॉकीज गेली, चौकाला नाव उरले. तिच्यासारख्या टॉकीजच्या दर्शनी भागावर लागणारी कापडावरची प्रचंड रंगीत चित्रे हीच कित्येक पेंटरांची उमेदवारीची शाळा होती. दुकानांच्या पाट्या, ट्रकांच्या मागची अक्षरे, तालमीतला मारुती, गणपती मंडळाची कमान हे सर्व एकाच हाताचे काम. मग शतक बदलताना फ्लेक्स आला. रात्रीत छापून सकाळी चौकात आणि किंमत पेंटरच्या रंगाहून कमी. नगरसेवकाच्या वाढदिवसाला हजार चौरस फूट हसरे चेहरे उभे करणे ज्या तंत्राने शक्य केले, त्या तंत्राने हाताने लिहिलेली देवनागरी मारली. मार्च २०२२ मध्ये दुकानांच्या पाट्या मराठीत करण्याची सक्ती राज्यभर लागू झाली, तिचे मी स्वागत केले होते, आजही करतो. पण आता सायकलवरून जाताना लक्ष्मीपुरीतले सराफ, मोबाइलवाला आणि दंतवैद्य एकाच संगणकी टंकात बोलताना दिसतात. भाषा वाचली, हस्ताक्षर गेले. कवी असलेल्या र. कृ. जोशींनी संगणकासाठी 'मंगल' हा टंक घडवला, कमल शेडग्यांनी नाटकांच्या शीर्षकांना चेहरे दिले. अक्षराचे रूप हा साहित्याच्या माणसाचा विषय आहे, हे त्यांनी दाखवून दिले होते. आम्ही शुद्धलेखन तपासत बसलो.

इथे कोणी म्हणेल की उलट आज शहरात पूर्वीपेक्षा जास्त भिंती रंगल्या आहेत. खरे आहे. स्वच्छ सर्वेक्षण आणि माझी वसुंधरा या स्पर्धांत गुण मिळवण्यासाठी राज्यातल्या गावोगावच्या भिंती रंगल्या, तशा आपल्याही. त्यावर दोन तळहातांत पृथ्वी असते, एक चिमणी असते, एक झाड आणि एक घोषवाक्य. ही भिंत साताऱ्याची की सोलापूरची हे घोषवाक्याखालचे नाव वाचल्याशिवाय कळत नाही. माझ्या नेहमीच्या वाटेवर सोडावॉटरच्या एका बंद दुकानाच्या भिंतीवर जुनी जाहिरात होती: पिवळ्यावर लाल, काळी सावली दिलेली घसघशीत अक्षरे, पाच आकडी दूरध्वनी क्रमांक आणि कोपऱ्यात पेंटरची बारीक सही. एका रविवारी तिथे चुना होता. पुढच्या रविवारी दोन तळहातांत पृथ्वी.

रंकाळ्याजवळ अशाच एका भिंतीवर काम करणाऱ्या साठीच्या पेंटरशी बोललो. "पूर्वी पाटी रंगवली की खाली नाव टाकायचो सर," ते म्हणाले, "आता चौरस फुटावर पैसे. नाव कशाला टाकायचं? उद्या परत दुसरंच काढायला लावत्यात." दिल्लीच्या लोधी कॉलनीत भिंती रंगल्या तेव्हा प्रत्येक चित्रकाराचे नाव जगभर गेले, मुंबईच्या ससून डॉकमध्ये २०१७ साली तेच झाले. मला त्या प्रकल्पांचे फार कौतुक नाही. त्यात रस्त्यावरच्या माणसापेक्षा छायाचित्र काढायला येणाऱ्याची सोय अधिक पाहिलेली असते. तरी सही होती. दळवीज आणि कलानिकेतनसारख्या कलाशाळा असलेल्या, पेंटर हे आडनाव मानाने मिरवणाऱ्या शहरात सार्वजनिक भिंतीवर सही नसावी, हे मला अपमानास्पद वाटते.

जिवंत भिंती पाहायच्या तर पेठांत शिरावे लागते. यंदा एम.ए. भाग दोनच्या सहा विद्यार्थ्यांना सायकलवरून नेले होते. बहुतेकांनी घरून उसन्या आणलेल्या. मंगळवार पेठेत तालमीच्या भिंतीवरचा फुटबॉलपटू दाखवून त्याच भागातली एक विद्यार्थिनी म्हणाली, "सर, ही भिंत आमच्या पोरांची हाय. वर्ल्ड कप आला की बदलत्या." २०१८ आणि २०२२ च्या विश्वचषकात मेस्सी, रोनाल्डो, नेमार यांनी कोल्हापूरच्या गल्ल्या कशा वाटून घेतल्या होत्या ते सर्वांना आठवत असेल. खालच्या ओळीत मंडळाचे नाव, शेजारी छत्रपती, पलीकडे गतसालच्या स्पर्धेतला विजय. रेखाटन कच्चे, नाक थोडे वाकडे. पण ही भिंत कोणाची आणि कोणासाठी, याचा संभ्रम नाही. विद्यार्थ्यांनी तिच्यावर पाऊण तास वाद घातला, इतका वाद मी वर्गात 'बलुतं'वरही ऐकलेला नाही.

तिथून खासबागेकडे गेलो. १९१५ साली शाहू महाराजांनी सुरू केलेले पॅलेस थिएटर, पुढे संगीतसूर्य केशवराव भोसले नाट्यगृह. ८ ऑगस्ट २०२४ च्या रात्री, केशवरावांच्या जयंतीच्या आदल्या दिवशी, ते जळाले. छप्पर आणि रंगमंच गेला, दगडी भिंती उरल्या. दुसऱ्या दिवशी रस्त्यावर उभे राहून रडणारी माणसे मी पाहिली. त्यांत कधीही तिकीट काढून नाटकाला न गेलेलीही होती. 'जसेच्या तसे' बांधू, ही घोषणा तत्काळ झाली आणि ती योग्यच होती. पण जसेच्या तसे म्हणजे कोणत्या सालचे? नाट्यगृहाचे नूतनीकरण मधल्या काळात एकाहून अधिक वेळा झाले होते. १९१५ च्या मेस्त्रींनी लाकूड कसे जोडले होते, पडदे कोणी रंगवले होते, याची नोंद आपण किती ठेवली? जी वास्तू सर्वांना प्रिय होती तिच्याबाबतीत ही स्थिती, तर सातव्या गल्लीतल्या 'श्रमसाफल्य'चे काय बोलावे?

सगळी जुनी घरे राखा, असे म्हणणारा मी नाही. चार भावांच्या वाटण्या, गळणारा स्लॅब, वरच्या मजल्याची गरज या गोष्टी ज्याच्या घरात आहेत त्याला वारशाचे प्रवचन देणे उद्धटपणाचे आहे. माझी मागणी त्याहून फार लहान आणि थेट आपल्याच विभागांकडे आहे. दरवर्षी आपण 'अमुक यांच्या कादंबरीतील स्त्रीचित्रण' या विषयावर डझनाने प्रकल्प लिहून घेतो. त्यांतले दोन बाजूला ठेवून विद्यार्थ्यांना एकेका गल्लीतल्या घरांची नावे, साले, अक्षरांची वळणे आणि कळल्यास मेस्त्रीचे नाव नोंदवायला लावावे. पाट्या रंगवणाऱ्या जुन्या पेंटरांच्या मुलाखती घ्याव्यात. ती माणसे अजून बोलण्याच्या स्थितीत आहेत. आणि महापालिकेला एक साधे पत्र लिहावे की भिंत रंगवून घ्याल तिथे रंगवणाऱ्याचे नाव लिहू द्या.

सुरुवात म्हणून त्या सहा जणांनी राजारामपुरीतल्या दोन गल्ल्यांची यादी केली. एकवीस घरे निघाली. छायाचित्रे नीट आली नव्हती म्हणून दिवाळीनंतर ते पुन्हा गेले, तेव्हा वीस होती. यादीत त्या घरासमोर विद्यार्थिनीने पेन्सिलीने लिहिले आहे: 'कृपा, १९५३, गोल गॅलरी, मेस्त्री माहीत नाही.'