चांच्यांचें लोकराज्य

चांच्यांचें जहाज म्हणजे समुद्रावरचें खरेंखुरें लोकराज्य, अशी एक टूम अलीकडे विद्वानांत निघाली आहे. आणि आमच्याकडील सुशिक्षित मंडळीही तिला माना डोलवूं लागली आहेत.

आधार म्हणून बार्थोलोम्यू रॉबर्ट्सच्या जहाजावरील करारनामा पुढें करण्यांत येतो. १७२४ सालीं लंडनांत निघालेल्या चांच्यांच्या इतिहासांत तो छापलेला आहे. कलमें वाचण्यासारखीं आहेत खरीं. प्रत्येक गड्यास मत. कप्तानास लुटीचे अवघे दोन वांटे. रात्रीं ८ वाजतां दिवे बंद. पैसे लावून जुगार नाहीं. हात वा पाय गमावणारास सामाईक निधींतून ८०० डॉलर. व्यापारी जहाजावर आसूड खाऊन वर पगारासही मुकणाऱ्या खलाशाला हें राज्य गोड वाटलें असल्यास नवल नाहीं. एवढें मी मोकळ्या मनानें मान्य करतों.

परंतु त्याच ग्रंथांतील दुसरें एक पान ही मंडळी उलटतात तरी कशीं? जानेवारी १७२२ मध्यें पश्चिम आफ्रिकेच्या उइदा बंदरांत रॉबर्ट्सनें गुलामवाहू जहाजें अडवून खंडणी मागितली. 'पॉर्क्युपाइन'च्या कप्तानानें ती नाकारली. आंत सुमारें ८० गुलाम दोघां-दोघांना जखडून ठेवलेले होते. साखळ्या सोडण्यांत वेळ जातो, म्हणून ह्या मतदारांनीं जहाज तसेंच पेटवून दिलें! जे जळाले नाहींत ते पाण्यांत उडी टाकून शार्क माशांच्या तोंडीं पडले.

१६९५ सालची गोष्ट तर आपल्याच समुद्रांतली. मक्केहून सुरतेस परतणारें औरंगजेबाचें 'गंज-इ-सवाई' हेन्री एव्हरीनें लुटलें, तेव्हां अब्रू वांचविण्यासाठीं कित्येक स्त्रियांनीं समुद्रांत उड्या घेतल्या, असें खाफीखान लिहितो. लुटीची वांटणी मात्र ठरल्या वांट्यांप्रमाणें झाली. (कान्होजी आंग्र्यांना इंग्रज चांचा म्हणत, म्हणून आपण सर्व चांच्यांशीं सोयरीक जोडावी असें थोडेंच आहे? कान्होजी छत्रपतींचे सरखेल होते.)

"राजे तरी काय निराळें करीत?" असें कोणी विचारील. कांहीं निराळें करीत नव्हते. फेब्रुवारी १७२२ मध्यें इंग्रज आरमाराशीं झालेल्या लढाईंत रॉबर्ट्स पडला. त्याच्या गोऱ्या गड्यांवर केप कोस्टच्या किल्ल्यांत रीतसर खटला चालून ५२ जण फांशीं गेले. जहाजांवर सांपडलेल्या काळ्या माणसांना न्यायासनापुढें उभेंसुद्धां केलें नाहीं. त्यांना गुलाम म्हणून विकून टाकलें. त्यांच्यापैकीं किती जणांना त्या लोकराज्यांत मत होतें, तें करारनाम्याच्या स्तुतिपाठकांनीं सांगावें.