सैराट चौथा, अपील नाही

सोलापुरात राहून ‘सैराट’ला चौथा नंबर देणं म्हणजे हुरड्याला जाऊन शेंगाचटणीला नावं ठेवण्यासारखं आहे. ठाऊक आहे मला. नागराज मंजुळे जेऊरचे, रिंकू राजगुरू अकलूजची, करमाळ्याची पायऱ्यांची विहीर अख्ख्या महाराष्ट्राने पडद्यावर पाहिली. म्हणून गाणीही पहिल्या नंबरची? हा कुठला न्याय? जिल्ह्याचा अभिमान तहसील कचेरीत दाखवा, कानांना सोडा.

तिकडं विलायतेत पिंक फ्लॉइडची कुठली तबकडी वर आणि कुठली खाली, यावर जुने दोस्त बोलणं टाकतात म्हणे. आमच्याकडं त्या जागी संगीतकार गोगावले बंधू. चाली दोघांच्या, त्यातला अजय गळाही स्वतःचाच लावतो, आणि त्यांच्या कार्यक्रमाला मैदानं भरतात. बँड म्हणायला आणखी काय शिंगं लागतात? तेव्हा त्यांच्या अल्बमची क्रमवारी लावायचीच, पण ती कानाने. आमच्या गल्लीत ती डीजेच्या गाडीवर लागते. ज्या गाण्याला खिडक्या जास्त हादरल्या ते भारी. या हिशेबाने माझ्या स्वयंपाकघराची काच ही सोलापुरातली सर्वात जाणकार समीक्षक होती. गेल्या मिरवणुकीत तिने ‘झिंगाट’ ऐकलं आणि ती तडकली. मंडळाच्या अध्यक्षांना दाखवली तर म्हणाले, “काका, गाणंच तसलं आहे बे!”

मी एक साधी परीक्षा लावतो. गाणं उचलून दुसरीकडं नेऊन ठेवा. काही सांडलं का? २०१८ साली ‘धडक’मध्ये ‘झिंगाट’ हिंदीत गेलं. एक थेंब सांडला नाही. पोरं त्याच जागी तशीच नाचली, कारण शब्दांशी त्यांचं देणंघेणं आधीही नव्हतं. ‘जत्रा’तल्या ‘कोंबडी पळाली’ची ‘अग्निपथ’मध्ये ‘चिकनी चमेली’ झाली, तेव्हाही हेच. ही गाणी वाईट नाहीत. ती चाकं लावलेली गाणी आहेत, कुठंही ढकलत न्या. उलट ‘याड लागलं’ तिकडं ‘पहली बार’ होऊन गेलं, तर ती हिंदी आवृत्ती आज कोण गुणगुणतं? ते गाणं करमाळ्याच्या उन्हाबाहेर पडलं की मान टाकतं. ‘सैराट’ पाचवर घसरला नाही तो त्याच्या पुण्याईवर.

आता लॉस एंजेलिसचं तुणतुणं. “काका, सिंफनी तिकडं जाऊन रेकॉर्ड केली, सोनीच्या स्टुडिओत!” बरं मग? पत्रावळीवर जेवण चांगलं होतं की नाही ते सांग, पत्रावळ कुठून आणली ते नको. ते व्हायोलिनचे ताफे सुंदर आहेत, नाही म्हणत नाही. पण ‘आताच बया का बावरलं’मध्ये श्रेया घोषालचा आवाज आणि मागचं रान एवढं पुरेसं असताना त्यावर इतका साजूक तुपाचा मारा कशाला? कडक भाकरीला लोणी चालतं, पण भाकरी दिसली पाहिजे.

आणि मोजून चार गाणी! चारही मध्यंतराच्या आत संपतात. मंजुळेंनी ती बरोबर वापरली: आधी गाण्यांनी पोटभर लाडावलं, मग हैदराबादच्या झोपडपट्टीत आणून उपाशी ठेवलं. शेवटी तर सगळा आवाजच काढून घेतला. ते रडणारं मूल आणि रक्ताची पावलं, आणि थेटरात पंख्यांची घरघर. ‘सैराट’मधला सर्वात मोठा नाद तो, आणि तिथं एकही वाद्य नाही. ही दिग्दर्शकाची कमाई आहे. अल्बमच्या खात्यावर ती जमा करू नका.

तिसरा ‘नटरंग’, २०१०. इथं माझा आवाज आपोआप चढतो, कारण रामजोशी या गावात जन्मला. लावणीवर बोलायचा आमचा हक्क वडिलोपार्जित आहे, आणि अकलूजच्या लावणी स्पर्धेने तो नूतनीकरण करून दिलाय. बेला शेंडेने ‘वाजले की बारा’ झोकात म्हटलं, ढोलकी नेमकी जागेवर पडते. तरी काही लावण्या अशा घासूनपुसून चकचकीत केल्यात की बैठकीचा घाम वाळून गेला. म्हणूनच ‘अप्सरा आली’ शाळेच्या गॅदरिंगमध्ये सहावीच्या पोरींना चालते आणि एकाही पालकाला खटकत नाही. लावणी कुणालाच खटकेनाशी झाली की समजावं, तिचा एखादा दात काढलाय. ‘खेळ मांडला’ मात्र शाबूत आहे. अजय तिथं गात नाही, कबुलीजबाब देतो.

दुसरा ‘अगं बाई अरेच्चा!’, २००४. नाकं मुरडा. बायकांच्या मनातलं ऐकू येणाऱ्या मुंबईकर चाकरमान्याची विनोदी गोष्ट, आणि तिच्यात ‘मल्हारवारी’सारखं संबळावर अंगात येणारं गाणं ठेवायची हिंमत! शेजारीच शंकर महादेवनचं ‘मन उधाण वाऱ्याचे’. तेव्हा या दोघांना कुणी मोठे म्हणत नव्हतं, त्यामुळं मोठं वाटावं म्हणून काही करायची गरज नव्हती. मोठेपणाचा खर्च पुढं सुरू झाला.

पाचव्यावर ‘विश्वविनायक’. गणपतीत लावतो, उरलेले अकरा महिने आठवत नाही.

पहिला ‘जोगवा’, २००९. यावर वाद घालायचा असेल तर आधी यल्लम्माच्या वाटेवर निघालेल्या जोगत्याला डोळे भरून बघून या. कर्नाटकाची हद्द आपल्यापासून हाकेवर आहे, ही माणसं आपल्या दारावरून गेलेली आहेत, आणि आपण दार लावून घेतलेलं आहे. ‘लल्लाटी भंडार’ ऐकताना तो ठेका नाचायला बोलावतो आणि त्याच क्षणी नाचायची लाज वाटते, कारण नाचणाऱ्याला नाचण्यावाचून पर्याय ठेवलेला नाही हे कळतं. असली दुधारी चाल या दोघांनी पुन्हा बांधली नाही. ‘जीव दंगला’साठी हरिहरन आणि श्रेया घोषाल, आणि संगीतासाठी हे दोघे भाऊ, असे राष्ट्रीय पुरस्कार आले. पण पुरस्कारांचं सोडा, माझी परीक्षा लावा. नेऊन दाखवा ‘लल्लाटी भंडार’ हिंदीत. भंडारा सांडेल, हातात रिकामी परडी राहील.

पुतण्याला हा क्रम वाचून दाखवला. तो म्हणाला, “काका, तुमचं वय झालं. ‘जोगवा’वर नाचता येतं का?” सगळी परीक्षा पायांची! ज्या गावात मंडळाची पोरं लेझमाचे डाव महिना महिना घोटतात, जिथं शंभर पावलं एका ठेक्यावर पडताना अंगावर काटा येतो, त्याच गावातली पोरं ट्रकमागं नुसता हात वर करून उड्या मारतात आणि त्याला नाचणं म्हणतात. लेझीम खेळणाऱ्याने मला नाचायचं शिकवलं तर ऐकून घेईन. याचं नाही.

‘सैराट’ पहिला म्हणणाऱ्यांनी सात रस्त्यावर यावं, समोरासमोर भांडू. चहा माझा. मोबाइलचा स्पीकर घरी ठेवून या.