पुसलेली भिंत कोणाची?

'जी टिकत नाही, ती कला कसली?' नलिनी मालानी यांचे नाव निघाले की आमच्या देवळाच्या सभामंडपात हा आक्षेप हमखास ऐकू येतो. मुंबईच्या या चित्रकर्त्रीने २०१२ साली जर्मनीतील कासेल येथे पाच पारदर्शक नळकांडी रंगवून टांगली. ती फिरत होती, त्यांतून चलच्चित्रांचा प्रकाश जात होता, भिंतीभिंतींवरून छाया धावत होत्या. प्रेक्षक चित्रासमोर नव्हे, चित्राच्या आतच उभा होता. दिवा मालवला की भिंत कोरी!

परंतु पिंगुळीच्या ठाकरांच्या चामड्याच्या बाहुल्याही दिव्याच्याच आधाराने जगतात ना? चवथीची माटोळी चार दिवसांनी उतरते, म्हणून ती बांधणाऱ्याचे कसब खोटे ठरते काय? तेव्हा नश्वरतेचा आरोप आपल्या तोंडी तरी शोभत नाही.

आता वाचकांनी १९९२ सालाकडे वळावे. नाथद्वारा येथील जुनी भित्तिचित्रे हेळसांडीने नष्ट होत होती. त्या वेदनेतून मालानींनी मुंबईच्या केमोल्ड कलादालनात थेट भिंतींवर चित्रे काढली आणि प्रदर्शन संपताच ती मिटवू दिली. देवाच्या दारातील चित्रे पुसली जातात याची खंत देवस्थानांना वाटेना, म्हणून एका चित्रकर्त्रीने स्वतःची चित्रे पुसून ती आपल्या पदरात घातली.

आणि आपण? गोव्यात व कोकणात देवळांच्या भिंतींवर कावीचे काम आहे. चुन्याच्या गिलाव्यावर तांबड्या मातीचा लेप देऊन, तो ओला असतानाच अणकुचीदार हत्याराने खरवडून आतील पांढरी रेघ उघडी करणारी ही आपली कला. जीर्णोद्धाराच्या नावाखाली अशा कित्येक भिंतींवर तैलरंग फासला गेला, गुळगुळीत फरश्या बसल्या. त्याचा समारंभ झाला, देणगीदारांची नावे मात्र संगमरवरात कोरली गेली!

गळके छप्पर दुरुस्त करू नये, भाविकांची गैरसोय होऊ द्यावी, असे आमचे म्हणणे नाही. देऊळ हे नांदते असावे, पदार्थसंग्रहालय नव्हे, हेही मान्य. पण कायद्याचा एक साधा सिद्धांत आहे: विश्वस्त हा मालक नव्हे. मालानींनी पुसले ते त्यांचे स्वतःचे होते. समितीने पुसले ते ना तिचे होते, ना तिच्या पिढीचे. स्वतःचे धन उधळणारा फार तर उधळ्या ठरतो. दुसऱ्याची ठेव उधळणाऱ्याला कायदा निराळ्या नावाने ओळखतो.

म्हणून आमची मागणी एवढीच. भिंतीला हात लावण्यापूर्वी तिचे छायाचित्रण व्हावे, जाणकाराचे लेखी मत घ्यावे आणि महाजनांच्या सभेत ठराव व्हावा. हे होईपर्यंत 'टिकत नाही ती कला कसली' हा प्रश्न मालानींना विचारण्याचा अधिकार आपल्याला नाही. जे टिकले होते, ते आपणच टिकू दिले नाही.