कॉफीचें यंत्र आणि कॉफीचें दळण

“घरीं एस्प्रेसो करावयाची आहे, यंत्र कोणतें घ्यावें?” हा प्रश्न हल्लीं आमच्या मित्रमंडळींत इतक्या वेळां निघतो, आणि त्याचीं उत्तरें इतक्या आत्मविश्वासानें दिलीं जातात, कीं ह्या विषयांत विचार करण्यासारखें कांहीं शिल्लक आहे अशी शंकाही कोणास येऊं नये. एक म्हणतो, इटालियन घ्या. दुसरा म्हणतो, जितके बार अधिक तितकी कॉफी दाट. तिसरा, जो स्वतःस व्यवहारी म्हणवितो, तो म्हणतो, बटण दाबलें कीं पेला भरतो असें यंत्र घ्या, म्हणजे रोज एकसारखी कॉफी मिळेल व डोकें शांत राहील. हीं तिन्ही उत्तरें एकाच चुकलेल्या प्रश्नाचीं आहेत. रोजच्या कॉफीचा एकसारखेपणा यंत्राच्या पोटांत नसतो, तो दळणांत असतो, असें आमचें स्पष्ट मत आहे. आणि ज्या गृहस्थानें पाऊण लाखाचें यंत्र घेऊन त्यांत दुकानांतून दळून आणलेली पूड घातली, त्यानें पाऊण लाख रुपये पाण्यांत घातले, असें म्हणण्यास आम्ही कचरत नाहीं.

महाराष्ट्रांत ‘एस्प्रेसो’ ह्या शब्दाचें दैव मोठें मौजेचें आहे. मंगलकार्यालयाच्या कोपऱ्यांत एक चकचकीत उभा बंब असतो. त्याच्या नळीखालीं भांडें धरून एक मनुष्य कानठळ्या बसविणारा फुर्रर्र आवाज काढीत दुधास फेस आणतो, वर चिमूटभर पूड भुरभुरवितो, आणि वऱ्हाडी मंडळी तीस ‘एस्प्रेसो’ म्हणून पेल्यावर पेले रिचवितात. त्या पेल्यांत दूध असतें, साखर असते, झटपट विरघळणारी पूड असते, वाफही असते. नसते ती फक्त एस्प्रेसो. आम्ही त्या पेयाची निंदा करीत नाहीं. थंडीतल्या मुहूर्ताला तें फार गोड लागतें. परंतु मोठा आवाज आणि वर फेस हींच एस्प्रेसोचीं लक्षणें होत, ही समजूत त्या बंबानें आमच्या डोक्यांत जी रुजविली ती रुजविलीच. आणि आज यंत्रें विकणारे दुकानदार त्याच समजुतीवर पोट भरीत आहेत.

वस्तुस्थिति अशी आहे. मिलानच्या लुइजी बेझेरा ह्यानें १९०१ सालीं ज्या यंत्राचें पेटंट घेतलें त्यांतही जोर वाफेचाच होता. दाब हवेच्या दाबाच्या दीडपटीच्या आसपास, पाणी जवळजवळ उकळतें, म्हणून कॉफी लवकर होई खरी, पण कडवट व करपट होई. त्याच शहरांतील आकिले गाज्जिया ह्यानें वाफेची सद्दी संपविली. त्याचें पहिलें पेटंट १९३८ चें. युद्ध संपल्यावर त्यानें दांडा ओढून स्प्रिंगच्या जोरानें पाणी पुडींतून रेटणारें यंत्र पुढें आणलें, आणि १९४८ सालीं कारखाना काढला. दाब एकदम आठनऊ पटींवर गेला व पेल्यावर तो तांबूस साय धरल्यासारखा थर प्रथमच दिसूं लागला. पुढें १९६१ सालीं फाएमा कंपनीनें हाताच्या जागीं विजेचा पंप बसविला. त्या वर्षीं इटलींत खग्रास सूर्यग्रहण झालें होतें, म्हणून त्या यंत्राचें नांवच ‘ई ६१’ असें पडलें. आजही घरगुती यंत्रांपैकीं कित्येक त्याच्याच तोंडाची नक्कल करून मिरवितात. सारांश, एस्प्रेसोचें मर्म वाफ नव्हे, दाब होय. आणि येथेंच लोकांची दिशाभूल सुरू होते. कारण दाब हा यंत्र एकटें उत्पन्न करीत नाहीं. पंप पाणी ढकलतो, पण त्या पाण्यास अडविणारी पुडीची घट्ट, एकजीव वडी समोर नसेल तर दाब पडावयाचा कोणावर? पूड भरड असली तर पाणी दहा सेकंदांत खालीं उतरतें, आणि काट्यावर दाब दिसतच नाहीं, मग तें यंत्र कोणत्याही देशाचें असो.

खोक्यावर मोठ्या अक्षरांत छापलेल्या ‘१५ बार’, ‘२० बार’ ह्या आंकड्यांची किंमत आतां वाचकांनींच करावी. बार म्हणजे ढोबळ मानानें समुद्रसपाटीवरील हवेचा दाब. इटलींतील राष्ट्रीय एस्प्रेसो संस्थेनें घालून दिलेलें प्रमाण सुमारें ७ ग्रॅम पूड, ९ बार दाब, ८८ अंश उष्णतेचें पाणी, २५ सेकंद वेळ आणि २५ मिलिलिटर पेय असें आहे. हल्लींचे शोकीन १८ ग्रॅम पुडींतून दुप्पट वजनाची कॉफी काढतात व पाणीही चारपांच अंश अधिक तापवितात. पण दाबाच्या बाबतींत त्यांचेंही नवाच्या फार पुढें जाणें होत नाहीं. मग पंधरा कोठून आले? पाण्याची वाट पुरती बंद केली तर पंप जास्तींत जास्त किती जोर करूं शकेल, त्याचा तो आंकडा आहे. पाटाला पाणी किती येतें हें न सांगतां विहिरीवरील इंजिन किती घोड्यांचें आहे हें सांगावें, तसाच हा प्रकार. चांगल्या यंत्रांत उलट जास्तीचा दाब सोडून देणारी झडप असते, आणि खोक्यावर तिचें नांवही नसतें! ह्याहून वाईट म्हणजे दुहेरी तळाची गाळणी. हिच्या तळाशीं सुईच्या अग्राएवढें एकच भोंक असतें. पूड कशीही असो, त्या भोंकांतून पिचकारी उडून फेस हा यावयाचाच. हा फेस पाहून गिऱ्हाईक समाधान पावतें, आणि आपलें दळण चुकलें आहे हें कळण्याचें एकमेव साधनही त्याच्या हातून जातें. ह्यास सोय म्हणतात. आम्ही लबाडी म्हणतों.

दळणाची गोष्ट आमच्या आज्यापणज्यांस समजावून सांगावी लागली नसती. भाकरीचें पीठ निराळें, थालीपिठाची भाजणी निराळी, लापशीचा रवा निराळा, कण्या निराळ्या. जातें एकच, पण घास किती घालावयाचा व हात कसा फिरवावयाचा हें ठरलेलें. पीठ भरडें येऊं लागलें कीं जात्यास टांकी लावणाऱ्यास बोलावणें जाई. भाकरी चिरली म्हणून तवा बदलणारी गृहिणी आमच्या पाहण्यांत नाहीं. कॉफी आंबट झाली म्हणून यंत्र बदलणारे गृहस्थ मात्र पुष्कळ आहेत. नऊ बार दाबाखालीं पाणी हें बांधाच्या कडेला शोध घेणाऱ्या पुराच्या पाण्यासारखें असतें. जेथें वडी थोडी सैल सांपडेल तेथें तें फोडून वाट काढतें, त्या वाटेवरील पूड अति धुपून कडू होते आणि बाकीची कोरडी राहिल्यासारखी आंबट राहते. म्हणून कण एकमेकांशीं मिळतेजुळते हवेत. मसाल्याच्या मिक्सरांत पातें बीं तोडतें, दळीत नाहीं. त्यांतून अर्धें पीठ व अर्धी चुरी निघते, आणि एकाच पेल्यांत कडू व आंबट दोन्ही दोष एकदम मिळतात. समोरासमोर फिरणाऱ्या दांतेरी चकत्यांची जी चक्की, जीस बाजारांत ‘बर ग्राइंडर’ म्हणतात, तीच पाहिजे. आणि तीही अशी कीं, चकत्यांतील अंतर अगदीं थोडथोडें सरकवितां यावें. हें अंतर केंसाच्या जाडीहून कमी बदललें तरी पेला भरण्याच्या वेळांत कित्येक सेकंदांचा फरक पडतो. ज्या चक्कीस दहाबाराच ठोकळ खांचा आहेत ती एका खांचेवर यंत्र तुंबविते व पुढच्या खांचेवर मोकाट सोडते. मधला मार्गच नाहीं.

पूड दळून आणली तर काय बिघडलें, असें विचारणारे आहेत. भाजलेल्या बियांत कोंडलेला कार्बन डायॉक्साइड वायु, ज्याच्यायोगें तो तांबूस थर उठतो, दळतांक्षणींच निसटूं लागतो, व सुवासही त्याच्याबरोबर जातो. शिवाय आजची पूड उद्यां तशीच वागत नाहीं. बीं जसजसें जुनें होतें तसतसें दळण बारीक करावें लागतें, आणि कोंकणपट्टींतील पावसाळ्याच्या दमट हवेंत तर सकाळचें माप संध्याकाळीं चुकूं शकतें. दळलेली पूड पुन्हां कशी बारीक करणार? चिकोरी मिसळलेल्या पुडीविषयीं तर बोलावयासच नको. ती फिल्टरच्या डब्यासाठीं आहे आणि तेथें ती शोभतेही.

आतां आमच्या व्यवहारी मित्राकडे वळूं. तो म्हणतो, कुपीचें यंत्र पाहा. हजार पेले काढले तरी हजार एकसारखे. हें त्याचें म्हणणें आम्ही अक्षरशः मान्य करतों. पण हा एकसारखेपणा आला कोठून? नेस्ले कंपनीनें १९८६ सालीं बाजारांत आणलेल्या त्या अल्युमिनियमच्या कुप्यांत पांचसहा ग्रॅम कॉफी कारखान्यांतच मोजून, हव्या त्या बारकाईनें दळून, हवा लागूं न देतां बंद केलेली असते. यंत्र फक्त गरम पाणी दाबानें सोडतें. म्हणजे वजन ठरलेलें, दळण ठरलेलें, ताजेपणा राखलेला! आमचाच सिद्धांत ह्याहून उत्तम रीतीनें कोणी सिद्ध केला असता? फरक इतकाच कीं दळण्याचा हक्क कारखान्यानें आपणाकडे ठेवला आहे, आणि त्याचें भाडें प्रत्येक पेल्यामागें तुम्ही देतां. पेला आंबट वाटला तर तुम्हांस कांहीं करतां येत नाहीं, कडू वाटला तरी नाहीं. पसंत नसेल तर दुसऱ्या रंगाची कुपी. कचऱ्याचा प्रश्न वेगळाच. २०१६ सालीं हॅम्बुर्ग शहराच्या सरकारनें आपल्या कचेऱ्यांसाठीं अशा कुप्या सरकारी पैशानें घेण्यास मनाई केली, ती उगाच नव्हे. चिकमगळूर आणि कोडगूचें बीं जहाजांनीं इटलीस जात असतां, त्या मळ्यांपासून एका रात्रीच्या प्रवासावर राहणाऱ्या आम्ही मंडळींनीं बंद कुपीची वाट पाहावी, हें आम्हांस तरी पटत नाहीं.

बीं घातलें कीं पेला देणाऱ्या स्वयंचलित यंत्रांचा कैवार घेणारे तर आपल्याच शब्दांनीं पकडले जातात. कारण त्या यंत्राच्या पोटांत चक्की बसविलेलीच असते. चक्की लागतेच हें मान्य केल्यावर ती पोटांत कां कोंडावी? ती बिघडली तर सगळें यंत्र दुरुस्तीस जातें, तेलकट बीं घातलें तर ती चिकटते, आणि आंतील दमट कोनाडे वेळच्या वेळीं न धुतल्यास तेथें काय वाढतें तें येथें न लिहिणें बरें. कचेरीसाठीं, जेथें कोणीच कोणासाठीं कॉफी करीत नाहीं, अशीं यंत्रें योग्य आहेत.

मग यंत्राची निवड अगदींच निरर्थक काय? तसें नाहीं, पण ती दुसऱ्या क्रमांकाची आहे, व तींत विचारावयाचे प्रश्न खोक्यावर छापलेले नसतात. पहिला प्रश्न, घरांत पेले किती आणि दुधाचे किती. एकच बंब असलेल्या यंत्रांत कॉफी ९३ अंशांच्या आसपास काढून मग दुधाला वाफ करण्यासाठीं तोच बंब शंभराच्या बऱ्याच वर न्यावा लागतो, व पुन्हां कॉफीसाठीं निववावा लागतो. दोन माणसांस हें चालतें. सकाळीं सहा पेले दुधाचे लागणाऱ्या घरांत पांचव्या पेल्यापर्यंत भांडण होतें. तेथें दोन बंबांचें यंत्र, किंवा वाफेच्या बंबांतूनच नळी फिरवून कॉफीचें पाणी तापविणारें यंत्र पाहावें. दुसरा प्रश्न उष्णतेचा. जुन्या धर्तीची तापनियंत्रक चकती पाण्यास कित्येक अंश वरखालीं झोके देते. ‘पीआयडी’ नांवाचें विजेचें नियंत्रण तो झोका अंशादीड अंशावर आणतें, आणि यंत्रावर अधिक खर्च करावयाचा तर तो ह्यासाठीं करावा, चकाकणाऱ्या पोलादासाठीं नव्हे. ‘ई ६१’ च्या जड पितळी तोंडाचा मोह ज्यांस पडतो त्यांनीं तें पुरतें तापावयास अर्धा तास लागतो हें लक्षांत ठेवावें. सातची लोकल गांठणाऱ्यानें त्याच्या वाटेस जाऊं नये. तिसरा प्रश्न, रबराची कडी, झडप, पंप हे भाग आपल्या गांवांत मिळतात काय. हा प्रश्न विचारतांच निम्मे विक्रेते गप्प होतात; त्यांस नमस्कार करून बाहेर पडावें.

पाण्याविषयीं आमच्या लोकांत दोन टोकें दिसतात. बोअरचें जड पाणी जसेंच्या तसें ओतणाऱ्याच्या बंबांत वर्षभरांत चुन्याचा थर बसतो. दुसरा इतका शुद्धिप्रिय कीं, आरओचें क्षार पार काढून टाकलेलेंच पाणी वापरतो. त्यांत कॉफी सपक लागते, आणि कांहीं यंत्रांत पाण्याची पातळी विजेच्या संवेदकानें ओळखली जात असल्यामुळें बंब भरलेला असूनही यंत्रास तो रिकामा वाटतो! दोन्ही पाणी मिसळून मध्यम ठेवणें हा उपाय बहुतेक घरीं पुरतो.

“इतका खटाटोप रोज सकाळीं कोण करणार?” हा शेवटचा आक्षेप. ज्यास हा खटाटोप वाटतो त्यानें एस्प्रेसो करूंच नये, असें आम्ही रागानें नव्हे, स्नेहानें सांगतों. दाक्षिणात्य फिल्टर आहे, बियालेत्ती ह्यानें १९३३ सालीं काढलेलें चुलीवरचें मोका भांडें आहे. दोन्ही स्वस्त, टिकाऊ व प्रामाणिक. परंतु ज्यास एस्प्रेसोच हवी त्यानें खटाटोप मोजून तरी पाहावा. बीं दशांश ग्रॅमपर्यंत तोलावयास पाव मिनिट. दळावयास, दाबावयास व काढावयास मिळून दोनअडीच मिनिटें. गाळणी पुसावयास पुन्हां पाव मिनिट. पेला वीस सेकंदांत भरला तर उद्यां चक्की किंचित् बारीक, चाळीस लागले तर किंचित् भरड. वजन बदलावयाचें नाहीं, एका वेळीं एकच गोष्ट हलवावयाची. आठवड्यांत हात बसतो. घरांतील बाईमाणसांनीं पिढ्यान्‌पिढ्या पहांटे उठून पायलीभर दळलें तेव्हां ह्या खटाटोपाचें नांवही कोणी काढलें नाहीं. आतां १८ ग्रॅम दळण्याची पाळी पुरुषांवर आली तेव्हां सातत्याचीं यंत्रें आठवूं लागलीं!

तेव्हां ज्यांच्या गांठीं थोडे पैसे आहेत त्यांनीं त्यांतील निम्मे चक्कीसाठीं आधीं बाजूस काढावे व उरलेल्यांत जें यंत्र येईल तें घ्यावें. निम्म्यांत विजेची चांगली चक्की येत नसेल तर हातानें फिरवावयाची घ्यावी. पोलादी चकत्यांची नीट केलेली हातचक्की, तिच्याहून पुष्कळ महाग असलेल्या विजेच्या चक्क्यांच्या तोडीचें दळते. बीं फार कमी भाजलेलें नसेल तर १८ ग्रॅमांस मिनिटभर पुरतें, आणि शेजारच्या खोलींतलें मूलही जागें होत नाहीं.