नटाचा आवाज आणि समीक्षेचा बहिरेपणा

मच्छिंद्र कांबळी (१९४७–२००७) यांच्या कारकिर्दीविषयी मराठीत प्रामुख्याने दोनच गोष्टी सांगितल्या जातात: 'वस्त्रहरण'चे प्रयोग पाच हजारांवर गेले आणि प्रेक्षक पोट धरून हसले. पहिली नोंद हिशेबनिसाची, दुसरी तिकीट विकणाऱ्याची. समीक्षकाची यांतली एकही नव्हे.

गंगाराम गवाणकर यांचे हे नाटक १९८० साली रंगभूमीवर आले. 'बोलीतला फार्स' असा शिक्का मारून ते बाजूला सारणाऱ्यांनी सिंधुदुर्गातील दशावताराची भाषिक रचना तपासलेली दिसत नाही. दशावताराला लिखित संवाद नसतात. आख्यान ठरते आणि नट संवाद रंगमंचावरच रचतो. मात्र या स्वातंत्र्याच्या पोटातही एक उतरंड आहे. देव आणि राजे ग्रांथिक मराठीत बोलतात. मालवणी येते ती संकासुराच्या नाहीतर एखाद्या विनोदी पात्राच्या वाट्याला. 'वस्त्रहरण'मध्ये गावकरी महाभारतातील प्रसंगाचा प्रयोग करू पाहतात आणि कांबळींचा तात्या सरपंच त्यात सतत हस्तक्षेप करीत राहतो. पौराणिक प्रतिष्ठेवर हुकमत गाजवणारी भाषा येथे मालवणी ठरते. हशा पिकतो तो या उलथापालथीतून, केवळ शिव्यांतून नव्हे.

चरित्र अभिनेत्याच्या कलेत आवाजाचे स्थान काय, हे युद्धोत्तर जर्मन चित्रपटातील एका उदाहरणावरून कळते. १९४८ च्या 'बर्लिनर बॅलड'मध्ये सामान्य जर्मन माणूस साकारणारा गेर्ट फ्रोबे जगाला ठाऊक झाला तो १९६४ च्या 'गोल्डफिंगर'मुळे. पण तेथील आवाज दुसऱ्याच नटाचा होता. जागतिक कीर्तीने त्याचा देह स्वीकारला, उच्चार नाकारला. कांबळींनी नेमका उच्चारच केंद्रस्थानी आणला आणि शहरी व्यावसायिक रंगभूमीला तो ऐकायला लावला.

याचा अर्थ कांबळींच्या यशाला दुसरी बाजू नाही असा नव्हे. यशाचा साचा झाला. मालवणी म्हणजे हशा हे समीकरण रूढ झाले. याच भूमीतील चिं. त्र्यं. खानोलकर आणि जयवंत दळवी यांनी आपल्या नाटकांतील दुःख मुख्यतः प्रमाण मराठीतच मांडले, ही वस्तुस्थितीही विसरता येत नाही. परंतु त्याचा दोष एकट्या नटाच्या माथी मारणे सोयीचे असले तरी न्याय्य नाही. बोलीला केवळ विनोदाची परवानगी देणारी अभिरुची त्याच्या आधीपासूनच तयार होती आणि समीक्षेने तिला कधी जाब विचारला नाही.

छापील संहिता हेच नाटक मानणाऱ्या समीक्षेला असा नट दिसणारच नाही. त्याची संहिता हेलात, थांब्यात आणि प्रेक्षागृहातून उमटणाऱ्या प्रतिसादात असते. ती वाचण्याची साधने विद्यापीठीय अभ्यासाने घडविली नाहीत, तर कांबळींची नोंद प्रयोगसंख्येपुरतीच उरेल. आणि मालवणीची, तळटीपेपुरती.