कोठाराच्या भिंतीवर गोधडी!

दोस्तांनो, गाडीनं लांबच्या गावाला निघालं, की तासाभरानं मागच्या सीटवर काय सुरू होतं, ते तुम्हांला सांगायला नको! "आई, आलं का गाव?" "ए, खिडकी माझी आहे!" मग आई वैतागून म्हणते, "भेंड्या खेळा बघू गुपचूप!"

अमेरिकेत वेस्ट व्हर्जिनिया नावाचं डोंगराळ राज्य आहे. तिथं मॅक्सिन ग्रोव्हज नावाच्या आईनं आपल्या मुलांसाठी वेगळाच खेळ काढला होता. रस्त्याकडेची कोठारं मोजायची! तिकडे शेतावर घराजवळ उंच लाकडी इमारत असते. तिला 'बार्न' म्हणतात. गवत, गुरं, अवजारं, सगळं तिच्यात राहतं. बार्न दिसलं की गुण. भिंतीवर जाहिरात रंगवलेली असली, तर जास्त गुण! मुलांची भांडणं बंद आणि सगळ्यांचे डोळे खिडकीबाहेर. त्या मुलांमधली एक होती डोना सू.

मॅक्सिनबाई क्विल्ट शिवण्यात पटाईत होत्या. क्विल्ट म्हणजे आपल्या गोधडीची लांबची बहीण. रंगीत कापडांचे त्रिकोण, चौकोन कापून जोडायचे, त्याची नक्षी करायची, खाली कापसाचा थर आणि अस्तर घालून तिन्ही थर टाके घालून एकत्र शिवायचे. प्रत्येक नक्षीला नाव असतं, 'अस्वलाचा पंजा', 'उडती बदकं', 'गोगलगाईची वाट'. 'लाकडी झोपडी' या नक्षीत मधोमध लाल चौकोन घालायची रीत आहे. तो म्हणजे घरातली शेकोटी! भोवतीच्या पट्ट्या म्हणजे भिंती. आहे की नाही गंमत?

१९८९ साली डोना सू आणि तिची आई ओहायो राज्यातल्या अ‍ॅडम्स काउंटीत शेतावर राहायला आल्या. (काउंटी म्हणजे साधारण आपला जिल्हा.) शेतावर तंबाखूची पानं टांगून वाळवायचं एक जुनं बार्न होतं. दिसायला अगदी ओकंबोकं. डोना सू म्हणाली, "आई, तुझ्यासाठी मी यावर एक क्विल्टचा चौकोन रंगवीन हं!"

म्हणाली खरी, पण तुम्ही गृहपाठ उद्यावर ढकलता ना, तसंच झालं. एक वर्ष गेलं, दोन गेली, दहा गेली!

पुढे डोना सू ओहायोच्या कला परिषदेत काम करू लागली. तिनं हा विचार बोलून दाखवल्यावर प्रश्न निघाला, एकाच बार्नवर कशाला? मग ठरलं, गावोगावच्या बार्नवर मिळून वीस चौकोन लावायचे आणि बघणाऱ्यांनी गाडीतून एकामागून एक बघत जायचं. लहानपणचा तो खेळच पुन्हा सुरू झाला म्हणा ना! २००१ च्या ऑक्टोबरमध्ये पहिला चौकोन लागला. कुठे? आईच्या बार्नवर नाही, औषधी वनस्पतींच्या एका शेतावर! नक्षी होती 'ओहायोची चांदणी'. आईच्या बार्नवर नंतर 'गोगलगाईची वाट' आली. उशिरा का होईना, शब्द पाळला गेला.

हे चौकोन कापडाचे नसतात बरं का. बहुतेक आठ फूट बाय आठ फूट प्लायवूडवर रंगवून ते भिंतीला ठोकतात. नक्षी सोपी आणि रंग ठळक, कारण धावत्या गाडीतून ती ओळखू आली पाहिजे.

आता यात एक दुखरी गोष्टही आहे. त्या भागातली बरीच कुटुंबं तंबाखूवर जगायची. तंबाखू प्रकृतीला वाईट, हे खरंच. पण लोकांनी ती सोडत आणली तशी या शेतकऱ्यांची मिळकतही घटली. २००४ च्या कायद्यानं सरकारी भावाचा आधारही संपला. कितीतरी बार्न रिकामी पडली, फळ्या कुजू लागल्या. रंगवलेल्या चौकोनानं कुजलेला वासा सरळ होत नाही. मग उपयोग काय?

उपयोग असा, की जाणारा माणूस थांबतो आणि विचारतो, "हीच नक्षी का?" मग मालकाला सांगावं लागतं, ही माझ्या आजीच्या क्विल्टवरची, हे बार्न पणजोबांनी बांधलं. विचारणारं कोणी भेटलं, की विसरत चाललेली गोष्ट पुन्हा जिवंत होते. डोना सू ग्रोव्हज २०२१ साली वारल्या. पण असे चौकोन आज अमेरिकेच्या बहुतेक राज्यांत आणि कॅनडातही दिसतात.

चला, आता वही घ्या! एका चौकोनाची तीन बाय तीन अशी नऊ घरं करा. कोपऱ्यातली चार घरं कोरी ठेवा. मधलं घर रंगवा. उरलेल्या चार घरांत दोन-दोन कर्ण काढा, म्हणजे प्रत्येकात चार त्रिकोण होतील. वरच्या आणि खालच्या घरात डावा-उजवा त्रिकोण रंगवा. डाव्या आणि उजव्या घरात वरचा-खालचा. झाली आठ टोकांची 'ओहायोची चांदणी'!

आणि हो, घरात जुनी गोधडी असेल, तर आज रात्री ती पांघरताना आजीला विचारा, "आजी, हा तुकडा कुणाच्या लुगड्याचा गं?" आई-बाबांनाही ऐकायला बोलवा. कदाचित त्यांनाही ठाऊक नसेल!