आतड्यातील एंडोमेट्रिओसिसची नोंद : सेंट्रल ब्यूरो ऑफ हेल्थ इंटेलिजन्सला खुले पत्र

प्रति,
संचालक,
सेंट्रल ब्यूरो ऑफ हेल्थ इंटेलिजन्स, नवी दिल्ली

विषय : आतड्यातील एंडोमेट्रिओसिसच्या निदानाचे अचूक कोडिंग

एंडोमेट्रिओसिसमध्ये गर्भाशयाच्या अस्तरासारख्या पेशी गर्भाशयाबाहेर वाढतात. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजानुसार प्रजननक्षम वयातील सुमारे १० टक्के, म्हणजे जगभरातील जवळजवळ १९ कोटी स्त्रिया व मुलींना हा आजार आहे. त्यांपैकी काहींच्या आतड्यालाही तो ग्रासतो. गुदाशय आणि त्याच्या वरचे सिग्मॉइड कोलन येथे तो सर्वाधिक आढळतो. अपेंडिक्स, लहान आतड्याचा शेवटचा भाग आणि सीकम येथेही दिसतो.

पाळीच्या दिवसांत शौचाला बसताना तीव्र वेदना, पोट फुगणे, बद्धकोष्ठ किंवा जुलाब आणि क्वचित शौचावाटे रक्त, ही त्याची लक्षणे. आजाराची गाठ आतड्याच्या बाहेरून आत शिरते, त्यामुळे आतले आवरण बहुधा शाबूत राहते आणि कोलोनोस्कोपी नॉर्मल येते. मग अनेकींवर वर्षानुवर्षे इरिटेबल बॉवेल सिंड्रोम (आयबीएस) म्हणून उपचार होतात.

भारतात निदानांच्या नोंदीसाठी वापरल्या जाणाऱ्या आयसीडी-१० या रोगांच्या आंतरराष्ट्रीय वर्गीकरणात एंडोमेट्रिओसिसचा गट एन ८० आहे. गर्भाशयासाठी एन ८०.०, बीजकोशासाठी ८०.१, बीजवाहिनीसाठी ८०.२, ओटीपोटातील पेरिटोनियमसाठी ८०.३, गुदाशय व योनी यांमधला पडदा आणि योनी यांसाठी ८०.४, आतड्यासाठी ८०.५ आणि शस्त्रक्रियेच्या व्रणासाठी ८०.६ असे कोड आहेत. इतर जागांना ८०.८ आणि जागा न लिहिलेल्या निदानाला ८०.९ लागतो.

कोड देणारा कर्मचारी स्वतः निदान करत नाही. डॉक्टरांनी लिहिलेल्या शब्दांनाच तो कोड लावतो. डिस्चार्ज कार्डावर नुसते ‘एंडोमेट्रिओसिस’ असेल तर एन ८०.९ पडतो. ‘पोटदुखी’ एवढेच असेल तर नोंद आर १० मध्ये जाते, आणि ‘आयबीएस’ लिहिले असेल तर के ५८ मध्ये. शस्त्रक्रियेच्या टिपणात गुदाशयाची गाठ स्पष्ट वर्णिलेली असली, तरी अंतिम निदानात ती उतरली नाही तर आकडेवारीतून ती नाहीशी होते. गाठ मधल्या पडद्यातून गुदाशयाच्या भिंतीत शिरली असेल तर ८०.४ आणि ८०.५ हे दोन्ही कोड हवेत. एकच लावला की आजाराचा अर्धा विस्तार नोंदीबाहेर राहतो.

एन ८०.५ योग्य जागी लागला तरी तो पुरेसा नाही. अपेंडिक्सवरचा छोटा ठिपका आणि गुदाशयाच्या स्नायूत खोल रुतलेली गाठ, दोन्हींना तोच कोड मिळतो. पहिल्यात अपेंडिक्स काढले की काम भागू शकते. दुसऱ्यात गाठ वरून तासायची, भिंतीचा चकतीएवढा भाग काढायचा की आतड्याचा तुकडा कापून टोके जोडायची, हा निर्णय घ्यावा लागतो. धोका, खर्च, रुग्णालयातला मुक्काम आणि लागणारे तज्ज्ञ, सारे वेगळे.

अमेरिकेने आयसीडी-१०-सीएम या आपल्या आवृत्तीत हा प्रश्न सोडवला आहे. १ ऑक्टोबर २०२२ पासून तेथे आतड्यासाठीच्या एका कोडच्या जागी १९ कोड आले. पाचवा अंक जागा सांगतो : १ गुदाशय, २ सिग्मॉइड, ३ सीकम, ४ अपेंडिक्स, ५ मोठ्या आतड्याचे इतर भाग, ६ लहान आतडे. सहावा अंक खोली सांगतो : १ वरवरचा, २ खोल, ९ खोली न लिहिलेला. म्हणजे गुदाशयातील खोल आजार एन ८०.५१२ आणि अपेंडिक्सवरचा वरवरचा एन ८०.५४१. आतड्याचा भागच लिहिलेला नसेल तर एन ८०.५०. १ जानेवारी २०२२ पासून जागतिक पातळीवर लागू झालेल्या आयसीडी-११ मध्येही मूळ कोडला शरीरभागाचा कोड जोडण्याची सोय आहे.

आयसीडी-१० च्या वापराचे प्रशिक्षण देणे हे ब्यूरोचे काम असल्याने सुधारणेचा आरंभ तेथूनच व्हावा. त्यासाठी चार गोष्टी आवश्यक आहेत.

१. अंतिम निदानात आतड्याचा भाग आणि आजाराची खोली लिहिण्याची सूचना सर्व रुग्णालयांना द्यावी.

२. जागा स्पष्ट नसल्यास एन ८०.९ लावण्यापूर्वी मेडिकल रेकॉर्ड विभागाने शस्त्रक्रियेचे टिपण व बायोप्सीचा अहवाल पाहून डॉक्टरांना विचारणा करावी.

३. एकाहून अधिक जागी आजार असल्यास प्रत्येक जागेचा कोड नोंदवावा. ज्या जागेवर मुख्यतः उपचार झाले तिचे निदान मुख्य धरावे.

४. भारत आयसीडी-११ कडे जाईपर्यंत एन ८०.५ साठी जागा व खोली दाखवणारे देशपातळीवरील उपविभाग ठरवावेत.

मुंबईत परळच्या राष्ट्रीय प्रजनन व बाल आरोग्य संशोधन संस्थेसारख्या संस्था या आजाराचा अभ्यास करतात. रुग्णालयांच्या नोंदी नेमक्या झाल्या तर अशा अभ्यासाला देशभरातून आधार मिळेल. कोणत्या जिल्ह्यात स्त्रीरोगतज्ज्ञाबरोबर आतड्याचा शल्यचिकित्सक लागतो, विमा दाव्यात कोणता खर्च न्याय्य आहे, निदानाला किती उशीर होतो, हे सारे याच नोंदींवरून कळते. दर महिन्याला असह्य वेदना सोसलेल्या स्त्रीचा आजार शस्त्रक्रियेत डोळ्यांनी दिसूनही कागदावर ‘अनिर्दिष्ट’ राहावा, हा तिच्यावरचा अन्याय आहे. तो दूर करायला नवी यंत्रे लागत नाहीत. डॉक्टरांनी दोन शब्द अधिक लिहावेत आणि ते लिहिणे बंधनकारक ठरेल असे ब्यूरोने पाहावे.

एंडोमेट्रिओसिसग्रस्त स्त्रियांच्या हितासाठी,
एक आरोग्यविषयक लेखक